इंग्रजी कादंबरीतील स्त्री, मोह आणि ‘धोकादायक’ वासना : निवडक कादंबऱ्यांच्या आधारे एक विवेचन

प्रस्तावना :

इंग्रजी कादंबरी अठराव्या शतकात आकारास आली, तेव्हापासून एक कथासूत्र तिच्या केंद्रस्थानी राहिले आहे. एखादी तरुणी, तिला वश करू पाहणारा पुरुष आणि त्या प्रसंगातून तिच्या आयुष्यावर कोसळणारे परिणाम, हे ते कथासूत्र होय. सॅम्युएल रिचर्डसनच्या ‘पामेला’ (१७४०) पासून थॉमस हार्डीच्या ‘टेस ऑफ द डर्बरव्हिल्स’ (१८९१) पर्यंत आणि पुढे डॅफ्नी ड्यू मॉरिएच्या ‘रिबेका’ (१९३८) पर्यंत या सूत्राची अनेक रूपांतरे झाली. कधी पुरुष शिकारी ठरला, कधी स्त्री मोहिनी ठरली. तथापि कथेच्या शेवटी देशोधडीला लागणारी, वेडी ठरविली जाणारी किंवा मृत्यू पावणारी व्यक्ती बहुधा स्त्रीच राहिली.

या कादंबऱ्या पदवी व पदव्युत्तर वर्गांत शिकविताना एक प्रश्न हमखास उपस्थित होतो, तो म्हणजे दोष कोणाचा? विद्यार्थी दोन गटांत विभागले जातात. एक गट पुरुषाच्या दुष्टपणाकडे बोट दाखवितो, दुसरा स्त्रीच्या भोळेपणाकडे किंवा चंचलतेकडे. प्रस्तुत लेखाचे प्रतिपादन असे आहे की, हा प्रश्न अपुरा आहे. वासना दोघांच्याही ठायी असू शकते. मग तिची किंमत एकाच पक्षाला का मोजावी लागते, हा अधिक मूलगामी प्रश्न होय. चांगल्या कादंबऱ्या या प्रश्नाचे उत्तर पात्रांच्या स्वभावात न शोधता मालमत्ता, कायदा आणि उपजीविका यांच्या व्यवस्थेत शोधतात. ही बाब काही निवडक कादंबऱ्यांच्या आधारे स्पष्ट करण्याचा येथे प्रयत्न केला आहे.

शब्दांची अडचण :

विवेचनाच्या आरंभीच मराठी अध्यापकास एका अडचणीला तोंड द्यावे लागते. इंग्रजीतील ‘सिडक्शन’ या शब्दाला मराठीत एकच एक प्रतिशब्द नाही. या शब्दाच्या लॅटिन मुळाचा अर्थ ‘वाटेवरून बाजूला नेणे’ असा आहे. मराठीत आपण प्रसंगानुसार फूस लावणे, नादी लावणे, भुरळ घालणे, मोहात पाडणे, फशी पाडणे असे निरनिराळे प्रयोग करतो. त्यांतील प्रत्येक प्रयोग निवाडा आधीच देऊन टाकतो. ‘फूस लावली’ म्हटले की कपट पुरुषाचे ठरते आणि स्त्री केवळ नेली जाणारी वस्तू उरते. ‘भुरळ घातली’ म्हटले की कर्तेपण बहुधा स्त्रीकडे जाते. ‘फशी पडली’ या क्रियापदात तर फसविणारा दिसतच नाही. पडणारी तेवढी दिसते.

‘डिझायर’ या शब्दाचीही हीच गत आहे. ‘वासना’ म्हटले की निंदा आली, ‘इच्छा’ म्हटले की तीव्रता गेली, आणि ‘अभिलाषा’ हा शब्द वर्गात परका वाटतो. मूळ इंग्रजी शब्दांत जी संदिग्धता आहे, तिच्यावरच या कादंबऱ्या उभ्या आहेत. म्हणून विद्यार्थ्यांना कथानक समजावून सांगताना आपण कोणते क्रियापद वापरतो, याचे भान ठेवणे अगत्याचे आहे.

कायद्याची पार्श्वभूमी :

या कादंबऱ्यांतील भय काल्पनिक नव्हते. इंग्लंडच्या कायद्यात मुलीला फूस लावल्याबद्दल नुकसानभरपाईचा दिवाणी दावा करता येत असे. मात्र तो दावा मुलीचा नव्हता. दावा करणारा तिचा पिता असे, आणि तोही पिता म्हणून नव्हे, तर मालक म्हणून. मुलगी गरोदर राहिल्यामुळे तिच्या घरकामास आपण मुकलो, असे कारण त्यास दाखवावे लागे. चहा करून देण्याएवढे किरकोळ कामही न्यायालये या हेतूने ‘सेवा’ म्हणून ग्राह्य धरीत असत. जिच्यावर प्रसंग ओढवला, तिला स्वतःच्या नावाने या दाव्यात स्थान नव्हते. हा दावा इंग्लंडमध्ये १९७० साली रद्द झाला.

या व्यवस्थेतील एक त्रुटी साहित्याच्या अभ्यासकाने विशेष ध्यानात घ्यावी अशी आहे. मुलगी दुसऱ्याच्या घरी नोकरीस असेल, तर तिच्या सेवेवरील हक्क त्या मालकाचा मानला जाई. पित्याचा दावा अशा वेळी सहसा टिकत नसे. आणि फूस लावणारा जर स्वतः मालकच असेल, तर दावा करावयास कोणीच उरत नसे. म्हणजे ज्या मुलींना संरक्षणाची सर्वाधिक गरज होती, त्या परघरी राबणाऱ्या गरीब मुलीच या कायद्याच्या कक्षेबाहेर राहिल्या. पामेला मोलकरीण आहे आणि टेस डर्बरव्हिलांच्या घरी कोंबड्या सांभाळते, हा योगायोग नव्हे. कायद्याच्या ज्या पोकळीत कोणाचाच आवाज पोहोचत नव्हता, तेथे कादंबरी जाऊन पोहोचली, असे म्हणावयास हरकत नाही.

इतर कायद्यांचाही येथे निर्देश केला पाहिजे. १८३४ च्या नव्या गरीब-कायद्याने अनौरस अपत्याच्या पोषणाचा भार मुख्यतः मातेवर टाकला. १८५७ च्या घटस्फोट-कायद्यानुसार पतीला पत्नीचा व्यभिचार सिद्ध करणे पुरेसे होते. पत्नीला मात्र व्यभिचारासोबत क्रौर्य, परित्याग, द्विभार्या यांसारखे आणखी एक कारण सिद्ध करावे लागे. ही विषमता १९२३ साली दूर झाली. एकाच कृत्यासाठी दोन मापे असणे, ही त्या काळची केवळ सामाजिक रूढी नसून कायद्याची भाषाच होती.

इच्छा करणारी नायिका : ‘फँटोमिना’

रिचर्डसनच्या आधी स्त्री-लेखिकांनी हा विषय वेगळ्या पद्धतीने हाताळला होता. एलायझा हेवूड हिची ‘फँटोमिना’ ही लघुकादंबरी १७२५ साली प्रसिद्ध झाली. तिची नायिका एक उच्चकुलीन तरुणी आहे. नाटकगृहात पुरुष वेश्यांशी कसे मोकळेपणाने बोलतात हे ती पाहते आणि निव्वळ कुतूहलापोटी तसे सोंग घेते. बोप्लेझिर नावाचा गृहस्थ तिच्याकडे आकृष्ट होतो. पहिल्या प्रसंगी तो तिच्या विरोधास जुमानत नाही, ही गोष्ट लेखिका लपवीत नाही. पुढे त्याचे मन उडू लागताच ती मोलकरणीचे, मग विधवेचे, मग अनामिक बुरखाधारी स्त्रीचे रूप घेते आणि त्याला प्रत्येक वेळी नव्याने आकृष्ट करते. आपण एकाच स्त्रीकडे पुनःपुन्हा येत आहोत, हे त्यास कळत नाही.

या कथेतील विनोद बोचरा आहे. पुरुषाला नावीन्य हवे असते, तर स्त्री तेच नावीन्य निर्माण करून आपली एकनिष्ठा टिकविते. परंतु नायिकेची बुद्धी जेथे हरते, ती जागा शरीराची आहे. ती गरोदर राहते, आई येऊन पोहोचते आणि शेवटी तिची रवानगी फ्रान्समधील मठात होते. बोप्लेझिर मात्र जसा आला तसा निघून जातो. इच्छा दोघांची होती. मठ एकीसाठीच होता.

सद्गुणाचे मोल : ‘पामेला’ आणि ‘क्लॅरिसा’

‘पामेला’मध्ये पंधरा वर्षांची मोलकरीण तरुण मालकाच्या आग्रहाला, धमक्यांना आणि कैदेला दाद देत नाही. अखेरीस मालक तिची पत्रे वाचून पालटतो आणि तिच्याशी विवाह करतो. सद्गुणाला बक्षीस मिळते, असे उपशीर्षकच सांगते. हे पुस्तक अतोनात लोकप्रिय झाले. पण लगोलग शंकाही उपस्थित झाली. सद्गुणाला बक्षीस मिळत असेल, तर तो सद्गुण की सौदा? हेन्री फील्डिंगने ‘शॅमेला’ (१७४१) या विडंबनात नेमके हेच सुचविले. त्याची नायिका हिशेबी आहे. नकार हे तिचे भांडवल आहे. येथे एक चमत्कारिक उलटापालट दिसते. मालकाने कोंडून ठेवलेल्या मुलीचा नकार हाच मोहजाल ठरतो आणि संशयाचा रोख तिच्याकडे वळतो.

या आक्षेपाला रिचर्डसनने दिलेले उत्तर म्हणून ‘क्लॅरिसा’ (१७४७-४८) कडे पाहता येते. या कादंबरीचा आरंभ वासनेने होत नाही, मालमत्तेने होतो. आजोबांनी आपली जमीन क्लॅरिसाच्या नावे केल्यामुळे तिचा भाऊ अस्वस्थ आहे. घराण्याच्या लाभासाठी तिने सोम्स नावाच्या धनवान पण तिरस्करणीय गृहस्थाशी लग्न करावे, असा सर्वांचा हट्ट आहे. या कोंडीमुळेच ती लव्हलेसच्या कपटाला बळी पडते आणि त्याच्यासोबत घराबाहेर पडते. पुढे तो तिला कुंटणखान्यात ठेवतो, तिच्यावर नाना युक्त्या चालवितो आणि अखेर गुंगीचे औषध देऊन तिच्यावर बलात्कार करतो.

लव्हलेसचा सिद्धान्त असा की, प्रत्येक स्त्री मनातून वश होण्यास तयार असते. केवळ योग्य क्षण साधावा लागतो. गुंगीचे औषध देण्याची पाळी त्याच्यावर आली, येथेच हा सिद्धान्त संपला. यानंतर कुटुंबाबाहेरचे हितचिंतकही तिला सुचवितात की, आता त्याच्याशीच विवाह करावा म्हणजे अब्रू राहील. क्लॅरिसा नकार देते. हा नकार ‘पामेला’च्या शेवटाला दिलेले उत्तर होय, कारण येथे नकारातून काहीही मिळणार नाही, मृत्यूखेरीज. काही वाचकांनी रिचर्डसनला पत्रे लिहून सुखान्ताची विनवणी केली होती. लव्हलेस अनेकांना आकर्षक वाटला, म्हणून पुढील आवृत्तीत त्याचे चित्र अधिक काळे करणे लेखकाला भाग पडले. म्हणजे मोहक वाणीच्या जाळ्यात केवळ नायिका सापडली नाही, वाचकही सापडला. वर्गात ही कादंबरी शिकविताना विद्यार्थ्यांना लव्हलेसची पत्रे का आवडतात, हा प्रश्न टाळू नये. त्यातूनच खरी चर्चा सुरू होते.

पैशाने मिटणारी बदनामी : जेन ऑस्टिन

जेन ऑस्टिनच्या कादंबऱ्यांत असे प्रसंग रंगमंचामागे घडतात, परंतु त्यांचा हिशेब मात्र उघडपणे मांडला जातो. ‘प्राइड अँड प्रेज्युडिस’ (१८१३) मधील लिडिया सोळा वर्षांची आहे. ती विकहॅमसोबत पळून जाते, ती भुलविली गेली म्हणून नव्हे, तर तिला जावयाचे असते म्हणून. ग्रेटना ग्रीनला जाऊन लग्न करण्याची तिची कल्पना असते. कारण १७५३ चा विवाह-कायदा स्कॉटलंडला लागू नव्हता आणि तेथे अल्पवयीनांना पालकांच्या संमतीची आवश्यकता नव्हती. विकहॅमचा विचार वेगळा आहे. याच विकहॅमने पूर्वी पंधरा वर्षांच्या जॉर्जियाना डार्सीला गाठण्याचा प्रयत्न केला होता; तिच्या नावे तीस हजार पौंड होते. लिडियाकडे तसे काही नाही.

अखेर डार्सी विकहॅमचे एक हजार पौंडांहून अधिक कर्ज फेडतो, लिडियाच्या नावे आणखी एक हजार करतो आणि विकहॅमला सैन्यातील पद विकत घेऊन देतो. बदनामी मिटते. कॉलिन्ससारखा धर्मोपदेशक मुलगी मेली असती तर बरे झाले असते असे लिहून मोकळा होतो. ऑस्टिन मात्र शांतपणे दाखविते की, ज्याला नैतिक सर्वनाश म्हटले जाते त्याची किंमत पौंडांत सांगता येते. ‘सेन्स अँड सेन्सिबिलिटी’ (१८११) मधील एलायझासाठी असे पैसे मोजून विवाह घडवून आणणारा कोणी नाही. विलबी तिला गरोदर अवस्थेत टाकून जातो आणि पन्नास हजार पौंडांच्या वारसदार युवतीशी लग्न करतो. दोघींच्या शेवटांतील फरक शीलाने ठरत नाही. कोणाच्या पाठीशी किती पैसा उभा राहतो, यावर तो ठरतो.

मोहिनीचे भय : ‘लेडी ऑड्लीज सीक्रेट’

एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास भयाचा केंद्रबिंदू बदलला. मेरी एलिझाबेथ ब्रॅडनच्या ‘लेडी ऑड्लीज सीक्रेट’ (१८६२) मध्ये सोनेरी केसांची, बाहुलीसारखी निरागस दिसणारी स्त्री हीच धोका ठरते. लूसी या नावाने ती शिक्षिका म्हणून नोकरी करते आणि वयोवृद्ध श्रीमंत सर मायकेल ऑड्ली यांच्याशी विवाह करते. तिचा पहिला पती जिवंत असतो. तो परत येताच ती त्याला विहिरीत ढकलते, आणि रहस्य उघड होऊ लागताच एका खाणावळीला आग लावते.

तिचे कृत्य भयानक आहे, याविषयी दुमत नाही. परंतु लेखिकेने पूर्वपीठिका काळजीपूर्वक रचली आहे. पहिला पती लहान मूल आणि तिला सोडून सोने मिळविण्यासाठी ऑस्ट्रेलियात निघून गेला होता, आणि तीन वर्षांहून अधिक काळ त्याने एक पत्रही पाठविले नव्हते. १८५७ च्या कायद्यानुसार केवळ परित्याग हे घटस्फोटाचे कारण होऊ शकत नव्हते. त्याच्या व्यभिचाराचा पुरावा तिने आणावा कोठून? कायदेशीर मार्ग बंद होता, म्हणून तिने नाव बदलले.

कादंबरीच्या शेवटी एका डॉक्टरला पाचारण केले जाते. घर सोडून जाणे, नवे नाव घेणे, सुस्थितीसाठी विवाह करणे यांत त्याला वेडाचे लक्षण दिसत नाही. या कृत्यांमागे विचार आहे, असेच तो म्हणतो. परंतु ती धोकादायक आहे, असेही तो सांगतो आणि तिची रवानगी बेल्जियममधील वेड्यांच्या इस्पितळात होते. जी बुद्धी पुरुषाच्या ठायी कर्तबगारी ठरली असती, ती स्त्रीच्या ठायी धोका ठरते. ‘धोकादायक’ हे विशेषण येथे रोगाचे नाव म्हणून वापरले गेले आहे.

घोडा आणि घर : ‘टेस’

या सर्व धाग्यांचा मेळ हार्डीच्या ‘टेस’मध्ये होतो. ही कादंबरी १८९१ साली ‘द ग्राफिक’ या साप्ताहिकात क्रमशः छापली गेली, तेव्हा मूळ प्रसंग गाळून त्या जागी खोट्या विवाहाचे कथानक हार्डीला घालावे लागले. पुस्तकरूपात तो प्रसंग परत आला, पण धुक्यात. टेस झोपली आहे, अॅलेक परतला आहे, आणि लेखकाचे निवेदन तेथून दूर जाते. पहिल्या पुस्तकरूप आवृत्तीत अॅलेक तिला औषधविक्रेत्याच्या बाटलीतील पेय पाजतो. पुढे हा तपशील वगळण्यात आला. बलात्कार की मोह, या प्रश्नावरील वाद तेव्हापासून चालू आहे.

या वादात एक तपशील दुर्लक्षिला जातो. त्याच रात्री अॅलेक टेसला सांगतो की, तिच्या वडिलांना आज नवा घोडा मिळाला आहे. कुटुंबाचा एकमेव घोडा टेसच्या हातून अपघातात मेला होता आणि त्या अपराधी भावनेपोटीच ती नोकरीस आली होती. म्हणजे धुक्यात काय घडले हे कळण्यापूर्वीच ‘संमती’ या शब्दाखालची जमीन सरकलेली असते. उपकाराच्या ओझ्याखाली दबलेल्या, मालकाच्या घरी राहणाऱ्या मुलीला नकार देण्याचे स्वातंत्र्य कितपत असते? पुढे हीच गोष्ट पुन्हा घडते. वडिलांच्या मृत्यूनंतर घराचा हक्क संपतो, कुटुंब रस्त्यावर येते, आणि अॅलेक छप्पर देऊ करतो. पहिल्या वेळी घोडा, दुसऱ्या वेळी घर. हार्डीने मोहाची यंत्रणा इतकी उघडी करून दाखविली आहे.

दुसरीकडे एंजल क्लेअर आहे. विवाहाच्या रात्री तो लंडनमधील एका अनोळखी स्त्रीसोबतच्या अठ्ठेचाळीस तासांची कबुली देतो आणि टेस त्यास तत्काळ क्षमा करते. तिची कबुली ऐकल्यावर मात्र तो तिला सोडून ब्राझीलला जातो. अॅलेक तिचे शरीर बळकावतो, एंजल तिचे नाव. हार्डीने उपशीर्षकात तिला शुद्ध स्त्री म्हटले, तेव्हा शुद्धतेची व्याख्याच त्याने वादात ओढली. फाशी मात्र टेसलाच होते.

मृत स्त्रीचा आवाज : ‘रिबेका’

विसाव्या शतकात हा प्रश्न वाचकाच्या सहानुभूतीपर्यंत येऊन पोहोचतो. ‘रिबेका’ची नायिका कथा सुरू होण्यापूर्वीच मृत झालेली आहे. तिच्या स्वैर वर्तनाची हकीकत आपणास तिच्या पतीकडून, मॅक्सिमकडून कळते, आणि त्यानेच तिचा खून केलेला आहे. तरीही तो पकडला जाऊ नये, असे दुसऱ्या पत्नीबरोबर वाचकालाही वाटू लागते. १९४० साली आल्फ्रेड हिचकॉकने या कादंबरीवर चित्रपट केला, तेव्हा अमेरिकी चित्रपटसंहितेमुळे खुनाऐवजी अपघात दाखवावा लागला. खुनी मोकळा सुटणे संहितेला मान्य नव्हते. कादंबरीच्या वाचकाला मात्र ते मान्य होऊन गेले होते. ‘धोकादायक’ ठरविलेल्या स्त्रीचा मृत्यू आपण किती सहज स्वीकारतो, याची ही कसोटी होय.

समारोप :

वरील विवेचनातून पुढील निष्कर्ष काढता येतात.

१. इंग्रजी कादंबरीत स्त्रीची वासना धोकादायक म्हणून रंगविली गेली असली, तरी तिच्यातील धोका मालमत्ता, विवाह-कायदा आणि उपजीविका यांच्या असमान वाटणीतून उत्पन्न झालेला आहे. क्लॅरिसाची जमीन, लिडियाचे पौंड, टेसच्या वडिलांचा घोडा हे तपशील गौण नसून कथेचा कणा आहेत.

२. ज्या काळी फूस लावल्याच्या दाव्यात स्त्रीला स्वतःचा आवाज नव्हता, त्या काळी पत्रांद्वारे व आत्मकथनाद्वारे कादंबरीने तिला तो मिळवून दिला. तो आवाज संशयास्पद ठरविण्याचे प्रयत्नही कादंबरीतच झाले.

३. पुरुष शिकारी असो वा स्त्री मोहिनी असो, शेवटाची शिक्षा बहुधा एकाच दिशेने जाते. म्हणून व्यक्तीच्या दोषापेक्षा शिक्षेच्या वाटणीकडे लक्ष वेधणे अध्यापनाच्या दृष्टीने अधिक फलदायी ठरते.

आपल्या वर्गांत बसलेल्या विद्यार्थिनी या कादंबऱ्या केवळ परीक्षेसाठी वाचत नाहीत. ‘ती तेथे गेलीच कशाला?’ हा प्रश्न त्यांनी घरी, शेजारी आणि वर्तमानपत्रांच्या चर्चेत ऐकलेला असतो. टेस शुद्ध की अशुद्ध, या प्रश्नावर पाच गुणांचे उत्तर लिहून घेण्यापूर्वी, ती तेथे का गेली याचे हार्डीने दिलेले उत्तर त्यांच्यासमोर ठेवणे हे अध्यापकाचे कर्तव्य आहे. ती गेली, कारण घोडा मेला होता आणि घरी लहान भावंडे होती.